पिवळं जंगल

“रंग कुठाय रे?” अण्णांनी विचारलं.

वासूदादा टीव्हीमागे वाकून वायर हलवत होता. चिमणच्या व्हिडिओ लायब्ररीतून व्हीसीआर आणि कलर टीव्ही भाड्याने आणला होता. आळीतली पंधरा माणसं जमली होती, मी चहा फिरवत होते. आणि पडद्यावर रशियातलं जंगल होतं, राखेसारखं करडं.

वासुदेव माझा थोरला भाऊ. अण्णांनी खटपट करून लावून दिलेली रेल्वेची नोकरी सोडून एकोणऐंशीत शिष्यवृत्तीवर मॉस्कोला कॅमेरा शिकायला गेला. तिथेच आधी सिनेमात, मग टेलिव्हिजनवर कॅमेरामन झाला. त्याच्या एकाही पत्राला अण्णांनी उत्तर दिलं नाही. मी मोठ्याने वाचायचे, ते पेपर तोंडासमोर धरून बसायचे. पान मात्र उलटायचे नाहीत. मग तो देशच मोडला, स्टुडिओला कुलूप लागलं, आणि ब्याण्णवला दादा एक बॅग नि एक कॅसेट घेऊन डहाणूला उतरला. त्याला एवढंच हवं होतं, की अण्णांनी एकदा त्याचं काम बघावं आणि बरं म्हणावं. हातापाया पडून मीच त्यांना टीव्हीसमोर बसवलं होतं.

“अण्णा, त्यांची रंगाची पद्धत वेगळी आहे. आपल्या मशीनवर काळंपांढरंच दिसतं,” दादा म्हणाला. “हे सगळं जंगल पिवळं आहे. पानं अशी पिवळी व्हायला तीन आठवडे थांबलो होतो मी. याच्यासाठीच बक्षीस मिळालं मला तिथे.”

“गाडी लेट झाली की आमच्याकडेपण कारणं तयार असायची.”

पस्तीस वर्षं स्टेशनात काढलेला माणूस, कुठे लागतं ते बरोबर ठाऊक. सगळे हसले. मेले, माझाच चहा पिऊन हसले! दादाने टीव्ही बंद केला आणि परसात जाऊन उभा राहिला.

चार दिवसांनी चिमण दारात.

“वासूभाई, झाई गावात लगन हाय. कॅमेरा माझा, हात तुमचा. पण आर्ट-बीट नको हां. नवरीचा चेहरा आणि जेवणाची पंगत, बस.”

दादा नाही म्हणेल असं वाटलं होतं. म्हणावं, अशीच माझी इच्छा होती. पण पोट कुणाला चुकलंय? गेला.

ती लग्नाची कॅसेट अण्णांनी स्वतः मागून घेतली. हळद, लाल शालू, हिरवा चुडा, झेंडूच्या माळा, चित्रावर चिमणने मशीनने चिकटवलेले गुलाबी बदाम. अण्णा खुर्ची पुढे ओढून पंगतीतला शेवटचा माणूस उठेपर्यंत बघत राहिले.

“याला म्हणतात रंग! आता जमलं हो तुला, वासू.”

तेरा वर्षांनी त्यांच्या तोंडात त्याचं नाव आलं होतं. मला रडूच फुटलं, आणि म्हाताऱ्याचा असा राग आला की सांगायची सोय नाही.

“हो, अण्णा,” दादा म्हणाला.

अण्णांना पुन्हा पहिल्यापासून बघायचं होतं. दादाने कॅसेट मागे फिरवली.