देवळीत बसवलेली कप्पी

मित्रांनो, मी विहिरीवरची एक जुनी कप्पी आहे. मात्र गेली एकोणीस वर्षे मी विहिरीवर नाही. ग्वाल्हेरच्या शिंदे की छावनीतल्या एका आवारात ती विहीर आहे आणि तिच्यापासून आठ पावलांवर, भिंतीतल्या देवळीत मी आहे. मला रोज हळदकुंकू लागते, दर शनिवारी माझ्या आसाला तेल मिळते. इतकी निगा राखलेली आणि इतकी निरुपयोगी वस्तू तुम्हाला दुसरीकडे सापडणार नाही.

माझा जन्म किला गेटजवळच्या एका लहान ओतशाळेत झाला. वाळूच्या साच्यात लोखंडाचा रस ओतला, तो निवल्यावर लेथवर माझी खोबण कातली आणि आस सहज फिरावा म्हणून मधोमध पितळी बुश बसवला. मला घडवून घेणारे बळवंत हे छावनीतल्या जुन्या शिपाई घराण्यातले. त्या उन्हाळ्यात वस्तीचे नळ आटले होते आणि विहिरीवरची लाकडी कप्पी तडकून पडली होती. बळवंतांनी त्रेचाळीस दिवस काठाच्या दगडावरून दोर ओढून घरोघरी पाणी दिले. म्हाताऱ्यांना आणि बाळंतिणींना त्यांनी दोराला हात लावू दिला नाही. त्यांचे तळवे सोलून निघाले. मला घेऊन ते आले, तेव्हा दोन्ही हातांना फडकी बांधलेली होती. मला तुळईला टांगून ते हसत म्हणाले, "चला, सुटलो एकदाचे! आता पोरंसुद्धा पाणी काढतील."

येथे एक गोष्ट प्रामाणिकपणे नोंदवते. मी भार कमी करीत नाही. पोहरा जेवढा जड असतो, तेवढाच राहतो. पण माझ्यामुळे दोर दगडावर घासत नाही आणि तो वर ओढण्याऐवजी खाली ओढता येतो, म्हणजे माणसाचे स्वतःचे वजन त्याच्या कामी येते. एवढ्या लहान मदतीवर मी बारा वर्षे त्या वस्तीला पाणी पाजले.

मग बळवंत गेले. त्यांच्या तेराव्याला जमलेल्यांना त्यांचे तळवे आठवले. पाणी कोणाला आठवले नाही. तेथून 'कष्टपंथ' सुरू झाला. कष्ट हाच देव, आणि सोय म्हणजे देवाकडे फिरवलेली पाठ, असे ठरले. निवृत्त शिक्षक रघुनाथराव प्रमुख झाले. माणूस दुष्ट नव्हता. या पंथात सोयीची वस्तू फेकत नाहीत, मानाने 'बसवतात'. मला उतरवताना त्यांनी आरती केली.

नियम दोनच केले. बळवंतांच्या पुण्यतिथीला प्रत्येक घरातल्या सर्वांत वडील माणसाने उघड्या हातांनी अकरा पोहरे ओढायचे. आणि एकाचे कष्ट दुसऱ्याने उचलायचे नाहीत, ती चोरी. हा दुसरा नियम वाचून दाखवला, त्या दिवशी मला वाचा हवी होती.

यंदाच्या वैशाखात, पुण्यतिथीच्या दिवशी, कुमुदिनीताईंची पाळी आली. नई सडकेवरच्या दुकानासाठी त्या ब्लाउजची काजे आणि हातशिलाई करीत. त्यावरच त्यांचे आणि त्यांची मुलगी उन्नती हिचे घर चाले. उन्नती तरातरा रघुनाथरावांसमोर येऊन उभी राहिली.

"काका, आईच्या अकरा पोहऱ्यांपुरती कप्पी टांगा. मनगटाची नस दबली आहे. डॉक्टरनी साफ मना केलं आहे, जोर पडला तर बोटं जातील. फिर क्या करेंगे आप लोग? बोटांना हार घालणार?"

रघुनाथराव खाली पाहत म्हणाले, "बेटा, मी टांगीनही. पण ताई हो म्हणतील का?"

कुमुदिनीताई पदर खोचून काठावर आल्या. "उन्नती, तमाशा नको करू. तुझे बाबा गेले, तेव्हा सोसणं पवित्र आहे म्हणूनच मी उभी राहिले. आज हात दुखतो म्हणून कप्पी लावू? मग तेव्हाचं सगळं फुकटच सोसलं म्हणायचं का गं?"

"मग दोर मला दे."

"चोरटी म्हणतील तुला."

"म्हणू दे ना! दुसरं काम काय आहे ह्यांना?"

ताईंना हसू आले. "जीभ तेवढी बापाची घेतलीस," असे म्हणून त्यांनी दोर उचलला.

सात पोहरे वर आले. आठव्याला त्यांच्या उजव्या हाताची बोटे आपोआप उघडली. दोर दगडावरून सरसरत गेला आणि पोहरा तळाशी आदळला. रघुनाथराव दोन पावले धावले, थबकले, आणि त्यांनी आपले हात पाठीमागे घट्ट धरले. उन्नतीने दोर पकडला. आईने तिची बोटे एकेक करून सोडवली. उरलेले चार पोहरे ताईंनी डाव्या हाताने ओढले. लोकांनी जयजयकार केला. मी आठ पावलांवर होते.

आता त्यांच्या उजव्या हाताचा अंगठा तर्जनीला टेकत नाही. सुई धरता येत नाही. दुकानातून येणारे गाठोडे बंद झाले. पंथाच्या दर गुरुवारच्या बैठकीत त्यांना पहिल्या रांगेत बसवतात आणि मुलांना त्या हातावर डोके टेकवायला सांगतात. एकदा रघुनाथरावांनीही डोके टेकवले, आणि बराच वेळ ते वर उचलले नाही.

गेल्या महिन्यात एका दुपारी, आवारात कोणी नसताना, कुमुदिनीताई उन्नतीला घेऊन माझ्यासमोर आल्या. डाव्या हाताने त्यांनी मला हलकेच ढकलले. मी फिरले, आवाज न करता फिरत राहिले. थांबेपर्यंत त्या पाहत होत्या.

"किती हलकी फिरते गं ही," त्या म्हणाल्या.

 उन्नतीने आईच्या बाहीचे सुटलेले हूक लावून दिले.

मित्रांनो, घरात कोणी निमूटपणे ओढत असेल, तर त्याच्या सोसण्याला नमस्कार करून पुढे जाऊ नका. जोडलेले हात सोडा आणि दोर धरा.