ठेका थांबतो ती जागा

कुकटपल्लीच्या त्या फ्लॅटमध्ये दुपारी ऋचाला झोपवायचा एकच उपाय होता, तिच्या बाबाची, गौतमची, डान्सची गाणी. तासाभराचं कंपायलेशन, एका गाण्यातून दुसरं निघणारं. अंगाईला ही सहा महिन्यांची पोर दादच देत नसे.

"मेघना, पोरीला झोपवतेस की वरात काढतेस?" सासूबाई म्हणायच्या. "ढोल बडवणारा अख्खा मर्फा आणून बसवलाय घरात."

शनिवारी गौतमने नवे स्पीकर जोडले आणि तेच कंपायलेशन लॉसलेसमध्ये उतरवून घेतलं. "एमपीथ्रीत फाइल लहान करायला बारीकसारीक आवाज कापतात. यात काही कापलेलं नाही. ऐक."

ठेका फरशीतून पायांत चढत होता. ऋचा बघता बघता झोपली. मेघनाने सवयीने तिच्या छातीवर तळवा ठेवला. दिवसातून किती वेळा ठेवायची, तिचं तिलाच ठाऊक.

काळजाचा ठोका ठेक्यावर पडत होता. बरोब्बर.

"तान्ह्या मुलांचं काळीज साधारण याच गतीने चालतं," गौतम हसला. "उगं परेशान होऊ नको."

मग गाण्यात ती जागा आली. ठेका थांबला आणि एक लांब सूर तेवढा तरंगत राहिला. तळव्याखाली काहीच नव्हतं.

ठेका परतला. ठोकाही परतला.

मेघनाने नवऱ्याचा हात धरून तिथे ठेवला. पुढच्या गाण्यात ठेका थांबला तेव्हा ती त्याच्या तोंडाकडे बघत होती. हसू तसंच राहिलं, डोळे बदलले.

"ऋचा." त्याने तळपायाला टिचकी मारली. बाळ गुलाबी, गाढ, ओठांवर दुधाचा थेंब. उठेना.

"शेवटचं गाणं आहे हे," मेघना म्हणाली.

"रिपीटवर टाकतो."

"पहिलं गाणं ठेक्याने सुरू होत नाही, गौतम. बराच वेळ नुसता वारा वाजतो त्यात."

तो फोन चाचपू लागला. बोटं घामाने घसरत होती. ठेका विरत चालला, विरला.

मेघनाने ऋचाला कुशीवर वळवलं आणि पाठीवर थोपटायला सुरुवात केली, त्याच गतीने. आतून ठोका तिच्या बोटांना येऊन भिडला.

"डॉक्टरांना फोन लाव," ती म्हणाली. "सांग, इथेच या. माझा हात मोकळा नाही."

सासूबाई दारात आल्या. "झोपली की गं ती," त्या कुजबुजल्या. "आता कशाला थोपटतेस?"