आईच्या वाटची पानं

सुनेने पानं पिसली, चार वाटे केले आणि चौथा रिकाम्या खुर्चीपुढे ठेवला.

आई गेल्यापासून दर रविवारी दुपारी बदाम सातचा डाव असाच मांडला जाई. आईच्या पाळीला तिचं पान लेक टाकायची, तेही अगदी प्रामाणिकपणे. त्यामुळे हयातीत कधी न हरलेली आई आता दर रविवारी सपाटून हरत होती. बाबा मात्र खिडकीशी पाठ फिरवून बसत.

"आजचा शेवटचा डाव," मुलगा हळूच म्हणाला. "बाबांना त्रास होतो. पत्ते ठेवून देऊ."

लेकीला ते पटेना. हे टेबल उठलं, तर बाबा कायमचे त्या खिडकीचेच होणार. तिने पान टाकलं.

"आईची किलवर अठ्ठी."

"एवढ्यात अठ्ठी?" खिडकीकडून आवाज आला. "वेड लागलंय का? ती अशी खेळायची?"

बाबा तरातरा आले, आईच्या खुर्चीत बसले आणि पानं त्यांनी स्वतःच्या हातात घेतली.

बाबांनी जन्मभर दुकानांचे वजनकाटे तपासले. गुंजभर खोटही त्यांना लपत नसे. आणि शेजारीच बसलेली आई मांडीखाली पान दाबून खुशाल "पास" म्हणे, ते मात्र त्यांना कधी दिसलं नाही. दिव्याखाली अंधार, म्हणून मुलं हसायची.

डाव रंगला. बाकीचे रंग लागून गेले, चौकट तेवढी सत्तीच्या खाली अडली. मुलगा पास, सून पास, लेक पास.

बाबांनी पानं न्याहाळली.

"पास."

"चौघंही पास? असं होऊच शकत नाही!" मुलगा म्हणाला. "छक्की गेली कुठे?"

बाबा छताकडे बघत होते, एका अंगावर किंचित कलून.

लेकीचे डोळे भरून आले आणि त्याच वेळी तिला हसू फुटलं.

"बाबा! म्हणजे तुम्हाला सगळं माहीत होतं?"

"पानं तिची आहेत," बाबा म्हणाले. "मी काय करणार?"

सून पदर तोंडावर धरून हसत सुटली. मुलाने काही बोलायला तोंड उघडलं, तोच टेबलाखाली लेकीने त्याच्या पायावर पाय दिला.

त्याने बाबांकडे पाहिलं, मग हातातली पानं नीट जुळवली.

"पास," तो म्हणाला. "आणि पुढच्या रविवारी पानं मी पिसणार."