डाव्या गालाचा अंधार

"थांबव ते," काळोखे म्हणाले.

यंत्रापुढे बसलेल्या मुलीने बटण दाबलं आणि पडद्यावरची बाई खिडकीपाशी बसल्या जागी थिजली. जुना कृष्णधवल सिनेमा. लहानगा मुलगा घरातून पळून गेला आहे आणि आई रात्रभर खिडकीत बसून राहते, एवढाच प्रसंग. पण कॅमेरामन म्हणून काळोखेंचं सगळं नाव ह्या एका प्रसंगावर उभं होतं. सिनेमा लागला तेव्हा त्या आईचा चेहरा काळोखात बुडालेला होता. दिसायची ती फक्त उजव्या गालाची बारीक कड. आणि आता समोर अख्खा चेहरा असा उजळला होता, जणू कुणी स्वयंपाकघरातली ट्यूबलाइट लावली.

"हे कुणी करायला सांगितलं?"

"मी सांगितलं, काका," मागच्या कोचावरून निर्मात्याचा मुलगा म्हणाला. वडिलांना सगळे शेठ म्हणायचे. ते जाऊन बरीच वर्षं झाली होती, आणि त्यांचा हा सिनेमा धुऊनपुसून नव्याने दाखवायचा, असं मुलाने मनावर घेतलं होतं. पडद्यावरची बाई त्याची आई. "लोक आता मोबाइलवर बघतात. काळं दिसलं की पुढे ढकलतात. आणि खरं सांगू का, आईचा चेहरा ह्या सीनमध्ये मी आज पहिल्यांदा बघतोय."

यंत्रावरच्या मुलीने पडद्यावर बोट दाखवलं. "सर, ह्या गालावर निगेटिव्हचा एक डाग आहे, डोळ्याखालून हनुवटीपर्यंत. बुरशी असेल. काळजी करू नका, उद्या पुसून टाकते. चेहरा एकदम स्वच्छ होईल."

तेव्हा मात्र म्हाताऱ्याचा तोल सुटला. काठी आपटून ते उभे राहिले आणि तोंडाला येईल ते बोलत सुटले. सिनेमा म्हणजे काय भांडी आहेत का, घासून लख्ख करायला. ज्यांना अंधार बघता येत नाही त्यांनी उन्हात जाऊन बसावं. आणि हे असंच ठेवायचं असेल तर माझं नाव काढून टाका. शेठच्या मुलाने आधी समजूत घातली, मग त्याचाही आवाज चढला. "काका, कारण तरी सांगा. हट्टाशिवाय दुसरं काही कारण आहे?"

कारण होतं. ते सांगता येत नव्हतं. काळोखे दार लोटून बाहेर पडले.

'काळोखे' हे त्यांचं आडनाव नव्हतंच. सेटवर पाऊल ठेवलं की हा माणूस आधी दिवे विझवत सुटतो, म्हणून लाइटमन लोकांनी ठेवलेलं ते नाव. ते इतकं चिकटलं की पडद्यावरही तसंच आलं, आणि सासऱ्यांनी सोयरीक ठरवताना ह्या काळोख्यांचं घराणं कुठलं म्हणून चार ठिकाणी चौकशी केली होती. बायको अजून त्यावरून चिडवायची. वर्तमानपत्रांत लिहून आलं होतं की ह्या माणसाला अंधार बोलता करता येतो. पुढे तर ती त्यांची खूणच झाली. कुठलाही सिनेमा असो, नायिकेची डावी बाजू काळोखात. नवी पोरं नक्कल करायची.

खरी गोष्ट एवढीच होती की खिडकीच्या प्रसंगाचं शूटिंग होतं त्या दिवशी बाई सेटवर आल्या तेव्हा त्यांचा डावा गाल काळानिळा पडलेला होता. मेकअपवाल्याने थरावर थर चढवले, तरी दिव्याखाली सूज दिसायचीच. शेठ दारातच सिगारेट ओढत उभे होते. सगळ्या युनिटने पाहिलं, आणि सगळं युनिट आपापल्या केबली गुंडाळायला लागलं. बाई काळोखेंच्या जवळ येऊन हळूच म्हणाल्या, "हे दिसायला नको." त्यांनी डावीकडचा मोठा दिवा काढून टाकला, वर काळा कपडा ताणला. तरीही धाकधूक होती म्हणून पुढे लॅबमध्ये स्वतः उभं राहून प्रिंट आणखी काळी काढून घेतली. निगेटिव्हमध्ये मात्र सगळं तसंच राहिलं. ते आता ह्या यंत्राने उकरून काढलं होतं.

टॅक्सी करून ते थेट बाईंकडे गेले. शेठ गेल्यापासून त्या मुलापासून वेगळ्या, एका लहानशा फ्लॅटमध्ये राहत होत्या. गॅलरीत वॉकर धरून कुंड्यांना पाणी घालत होत्या.

"या, काळोखे. चेहरा का असा? कुणाशी भांडून आलात?"

त्यांनी सगळं सांगितलं, आणि शेवटी धीर द्यायला म्हणून म्हणाले, "पण तुम्ही घाबरू नका. त्या पोरीला तो निगेटिव्हवरचा डाग वाटलाय. उद्या पुसून टाकणार आहे. कुणाला काही कळायचं नाही."

बाईंनी हातातला मग खाली ठेवला.

"पुसणार?"

"हो. मला अंधारच हवा होता, पण निदान..."

"आधी त्यांनी मारलं," बाई म्हणाल्या. "मग तुम्ही झाकलं. आता ती पोरगी पुसणार. चांगलं चाललंय सगळ्यांचं."

काळोखेंना वाटलं, आपण नीट सांगितलं नाही. ते पुन्हा सांगायला लागले, की तुमच्यासाठीच तर केलं, तुम्हीच म्हणाला होतात. बाईंनी त्यांना पुरतं बोलू दिलं. आवाज न चढवता बोलायची त्यांची पहिल्यापासूनची पद्धत होती. सेटवरही त्या चिडल्या की ध्वनिमुद्रण करणाऱ्याला माइक जवळ आणावा लागायचा.

"म्हणाले होते. बावीस वर्षांची होते, दुसरं काय म्हणणार होते? एवढी माणसं होती तिथे. एकाने तरी विचारलं, बाई, गालाला काय झालं? तुम्ही दिवा काढलात. सगळ्यांत बरं वागलात ते तुम्हीच, म्हणून तर तुमचा राग जास्त येतो. अहो, तुम्ही इतकं छान झाकलंत की ह्यांना पुढे काळजीच उरली नाही. काळोखे आहेत ना, ते बघून घेतील, असं म्हणायचे हसून. घरी. मला."

काळोखेंनी काठी जवळ ओढली.

"तुमचं नाव झालं ते माझ्या ह्या गालावर," बाईंनी गालाला बोट लावलं. "पारितोषिक घ्यायला स्टेजवर गेलात तेव्हा मी पहिल्या रांगेत होते. टाळ्या वाजवत होते. मनात म्हटलं, अंधार बोलतो म्हणे. एक अक्षर बोलला नाही."

त्या दिवशी काळोखेंनी चहाही घेतला नाही. निघताना दारात एवढंच विचारलं, "मुलाला माहीत नाही ना?"

"त्याचं मी बघते. उद्या किती वाजता बसता तुम्ही लोक?"

दुसऱ्या दिवशी काळोखे वेळेआधीच जाऊन यंत्रापाशी बसले. रात्रभर त्यांना राग येत राहिला होता, आधी बाईंचा, मग मेलेल्या शेठचा, आणि पहाटे पहाटे स्वतःचा, आणि तो काही उतरला नव्हता. त्यांनी मुलीला सांगितलं, डाग पुसायचा नाही. मुलगी म्हणाली, "पण सर, काल तर तुम्हाला..."

"काल विसर. उजेड आणखी वाढव. डावीकडून. तिथे एक मोठा दिवा आहे असं समज आणि तो लाव."

शेठचा मुलगा आईचा हात धरून आत आला. काकांचा हट्ट मोडायला आईच आली, असं त्याला वाटलं असावं. चेहऱ्यावर हसू होतं. त्याने आईला कोचावर बसवलं, वॉकर बाजूला ठेवला. मुलीने खोलीतले दिवे घालवले.

पडद्यावर तरुण बाई खिडकीत बसली होती. डोळ्याखालून हनुवटीपर्यंत बोटांचे वळ होते. एवढ्या उजेडात ते निगेटिव्हवरचे डाग आहेत असं कुणालाच म्हणता आलं नसतं.

"हे काय आहे, आई?" मुलाने विचारलं. मग स्वतःच म्हणाला, "मेकअप आहे का? कुणी केला होता?"

"तुझ्या बाबांनी," बाई म्हणाल्या.

प्रसंग लांब होता. तो संपेपर्यंत कुणी हललं नाही. मग पडदा काळा झाला, आणि यंत्रावरच्या मुलीलाही बटणाकडे हात न्यायचं सुचलं नाही. शेवटी काळोखेच उठले. भिंत चाचपत दारापर्यंत गेले आणि त्यांनी खोलीतला दिवा लावला.