रक्षोघ्न चालू आहे

तारिणीकाकींचं त्या दिवशी देवाकडं एकच मागणं होतं. दह्याची अकरा मडकी दिवस कलायच्या आत कमला नदीपार जावीत. सोनं नको, नाणं नको, वैकुंठातली जागा नको. दही पार जावं, बस्स.

उद्या कोजागरी. लेक रंभा यंदाच आषाढात नदीपलीकडं सासरी गेली होती, तेव्हा ही तिची पहिली कोजागरी. पहिल्या कोजागरीच्या आदल्या रात्रीपर्यंत माहेरचा भार, म्हणजे कावडींतून येणारा दही-मखाण्यांचा आहेर, आला नाही, तर मिथिलेत सून म्हातारी होईतो टोमणे खाते. आणि रंभेची सासू म्हणजे साधीसुधी बाई नव्हे. भाराच्या टोपल्यांतले मखाणे ती दाताखाली फोडून बघे आणि दह्यात चमचा उभा करून ठेवी. चमचा कलला की सुनेचं माहेर कललं. तारिणीकाकींनी आठवडाभर चार म्हशींचं दूध आटवून अकरा मडकी अशी लावली होती, की चमचा सोडा, त्यात कुदळ उभी राहिली असती.

आणि नेमकं आजच नवऱ्याचं श्राद्ध. नवरा जिवंतपणी कधी वेळेवर घरी आला नाही. गेला तोही असा मुहूर्त साधून, की दर वर्षी कोजागरीच्या घाईत आडवा यावा.

तरी काकींनी हिशेब बसवला होता. गेली तीन वर्षं जटाधर पंडित यायचे, दोन ऋचा म्हणायचे, चार कोपऱ्यांत मोहरी फेकायचे की झालं. ब्राह्मण दुपारी हात धुऊन मोकळे. यंदाही तसंच झालं, तर भारवाले उन्हं उतरायच्या आत नावेवर.

पण यंदा चिरंजीव कुमुद काशीच्या पाठशाळेतून परत आला होता. सोबत ट्रंकभर पोथ्या.

"पंडितजी," पानं मांडून झाल्यावर कुमुद म्हणाला, "इथं लिहिलंय, ब्राह्मण जेवत असेतो रक्षोघ्न म्हणावं. तुम्ही म्हणे भात वाढेपर्यंतच म्हणता?"

जटाधर पंडितांनी उपरणं झटकलं. "अरे, तुझ्या मुंजीत तुला लंगोट मी नेसवला! रक्षोघ्न म्हणजे काय ते आता तू मला सांगणार?"

"सांगा ना मग. काय?"

"काय म्हणजे? राक्षसांना मारणारा. अग्नी!"

"अग्नीचं ते विशेषण झालं. इथं सूक्ताचं नाव आहे."

जेवायला तीन ब्राह्मण आले होते, तिघेही मंगरपट्टीचे. त्या गावची कीर्ती अशी, की तिथल्या माणसांना आमंत्रण देण्याआधी लोक पुढच्या वर्षीचं पीक बघून घेत. त्यांतले थोरले घूरन मिसर बसल्या जागेवरून म्हणाले, "आमच्याकडं रक्षोघ्न म्हणजे पांढरी मोहरी. बाळंतिणीच्या उशाला ठेवतात ती."

"बिब्बा," दुसरे म्हणाले. "वैद्य बिब्ब्यालाच म्हणतो."

"हिंगसुद्धा," तिसरे म्हणाले, आणि आमटीच्या दिशेनं हुंगले.

दाराआडून तारिणीकाकी ऐकत होत्या. कुमुदच्या जन्माच्या वेळी वैद्यानं चिठ्ठीवर हाच शब्द लिहून दिला होता. सासऱ्यांनी त्यावरून दिवा लावला, सासूनं धुरी घातली, आणि सुईण म्हणाली, 'मालकीण, दार घट्ट लावा, तेवढं पुरे.' एवढ्या मारेकऱ्यांच्या पहाऱ्यात जन्मलेलं पोर असं निघालं!

"अरे, कशानं मारायचं ते मागाहून ठरवा," त्या दारातून ओरडल्या. "भात गार होतोय. आणि मुसाय दारात बसलाय भार घेऊन!"

"माय, शास्त्राचं चाललंय," कुमुद म्हणाला.

"दह्याचं काय चाललंय ते बघ आधी!"

पण पंडितांचा पारा चढला होता. पळीतलं पाणी हातावर घेऊन ते म्हणाले, "ठीक! यांचा शेवटचा घास गिळून होईतो म्हणतो. मध्ये खंड पडला तर जानवं कमलेत सोडीन."

"खंड पडायलाच नको," कुमुद म्हणाला. "पडला तर खाल्लेलं सगळं राक्षसांच्या पोटात. श्राद्ध पुन्हा पहिल्यापासून, स्वयंपाकासकट."

घूरन मिसरांनीही आपली वीट चढवली. "आमच्या गावची रीत सांगून ठेवतो. रक्षोघ्न चालू असताना ब्राह्मण पानावरून उठला, तर त्याच्या जागी राक्षस येऊन बसतो. ते थांबल्याशिवाय आम्ही काही उठत नाही."

जेवायला बसलेल्या तिघांनीही एकमेकांकडं समाधानानं पाहिलं, आणि मौन धरलं. श्राद्धाच्या पानावर बोलायचं नसतं. हातानं खूणही करायची नसते; पुरे म्हणायला नाही, वाढा म्हणायलाही नाही.

तीन शहाणी माणसं एका ओसरीवर जमली, की चौथ्याचं घर बुडतं म्हणतात ते उगीच नाही.

पहिला भात झाला. तिळकोराच्या पानांची भजी झाली, वड्या झाल्या, मिथिलेत श्राद्धालाही चालणारं, मोहरी लावलेलं रोहूचं कालवण झालं. पंडितांचा आवाज छान लागला होता. मग दही आलं. दही म्हणजे जेवणाचा शेवट. दह्यानंतर भात नाही, मासा नाही, आलं तर दहीच. मंगरपट्टीकरांनी दही संपवलं आणि पंडितांकडं पाहिलं. हे थांबले की आपण उठू.

पंडितांनी त्यांच्याकडं पाहिलं. हे उठले की आपण थांबू.

आणि सूक्त पुन्हा पहिल्यापासून सुरू झालं.

कुमुदनं रिकामी पानं पाहिली आणि त्याचा जीव गलबलला. ब्राह्मण पानावर आणि पानावर अन्न नाही, म्हणजे वडील तिकडं उपाशी! त्यानं दही वाढलं. मंगरपट्टीकरांना नको म्हणता येत नव्हतं. त्यांनी ते खाल्लं. ते खाताहेत हे बघून पंडितांनी तिसरं आवर्तन धरलं.

पाचव्या आवर्तनाला ओसरीतल्या पाली आढ्यावरून टपटप पडल्या. सातव्याला गावाबाहेरच्या पिंपळावरचं भूत बायकोसह गाठोडं डोक्यावर घेऊन नेपाळच्या वाटेला लागलेलं दोन गुराख्यांनी पाहिलं. नवव्याला शेजारच्या तीन गावांतल्या आजारी माणसांचा ताप उतरला, आणि एका सावकाराला एकाएकी घाम फुटला म्हणतात. राक्षस म्हणावा असा कुणी कमलेच्या अलीकडं उरलाच नव्हता. पण म्हणणारा थांबेना, जेवणारे उठेनात.

श्राद्धासाठी वेगळं लावलेलं पाच मडकी दही संपलं. कुमुद आत आला. "माय, दही."

"संपलं."

"ती अकरा आहेत ना."

"ते रंभेचं आहे."

"माय, ब्राह्मणांची पानं रिकामी आहेत! बाबा उपाशी राहतील."

"तुझे बाबा माझ्या लग्नात अठ्ठावीस रसगुल्ले खाऊन आजारी पडले होते. एक दिवस उपास घडला तर बरंच होईल त्यांना. जा, पंडितांना सांग थांबायला."

"थांबले की खंड."

"मग जेवणाऱ्यांना सांग उठायला."

"मौनात आहेत. मी बोललो तरी ते रक्षोघ्न थांबल्याशिवाय उठणार नाहीत."

"मग तू वाढू नकोस!"

कुमुदनं असा चेहरा केला, की जणू आईनं त्याला गाय मारायला सांगितली होती. आणि एक मडकं उचलून गेलासुद्धा. थोड्या वेळानं येऊन दुसरं. दह्याची कवडी मोडल्याचा आवाज काकींच्या काळजात झाला.

मागच्या दारात भारवाला मुसाय कावड आडवी टाकून तंबाखू मळत बसला होता. "मालकीण," तो म्हणाला, "राक्षस मेले का नाही अजून?"

"मेले असतील. तिघं सोडून."

"नाववाला म्हणत होता, उन्हं त्या बांबूंवर गेली की तो निघणार. मग उद्या सकाळी. आणि उद्या सकाळी पोचलेला भार म्हणजे बघा... बारशाला आणलेली मुंडावळ."

"मला शिकवतोस? तूही जा काशीला!"

"मी कशाला? मला राक्षस लागतच नाहीत. घरी बायको आहे." मुसायनं तंबाखू दाढेखाली ठेवली. "पण खरं सांगू? मघाशी ओसरीत डोकावलो. त्या मोठ्या मिसरांच्या डोळ्यांत पाणी आहे. भक्तीचं नाही वाटत मला ते."

काकींनी फटीतून पाहिलं. खरंच. घूरन मिसर शेरभर दह्यापुढं बसले होते आणि फाशीच्या कैद्यानं भटजीकडं बघावं तसे पंडितांकडं बघत होते. दुसऱ्यानं धोतराची गाठ सोडून पुन्हा बांधली होती. तिसरा दर घासाला आढ्याकडं बघे. वर थोडी जागा असेल अशी आशा असावी. आणि जटाधर पंडित? सकाळपासून पोटात पाण्याचा थेंब नसलेले पंडित त्या तिघांकडं अशा नजरेनं बघत होते, की सूक्तातलं 'जाळ, भाज, चिरडून टाक' हे आता मनापासून येत होतं.

तेव्हा काकींच्या डोक्यात वीज चमकली. भुकेला ब्राह्मण म्हणतोय, भरलेले ब्राह्मण जेवताहेत. उलट करायला नको का? त्यांचे सासरे म्हणत, श्राद्धाचं पान समोर आलं की ब्राह्मणाला नाही म्हणता येत नाही. आणि भरल्या तोंडानं वेदसुद्धा बोलता येत नाही.

त्यांनी डोक्यावरचा पदर पुढं ओढला, केळीचं अख्खं पान घेतलं. वाफाळता भात घातला, त्यावर रोहूचं डोकं ठेवलं, चार भजी, वर तुपाची धार, आणि बाहेर जाऊन ते जटाधर पंडितांच्या मांडीला लागून मांडलं.

पंडितांचा आवाज चढला, मग थरथरला. तुपाचा वास नाकात शिरला तसा स्वर नाकातून येऊ लागला. त्यांनी डोळे मिटले. मिटल्या डोळ्यांनी हात पुढं आला. एक ऋचा अर्ध्यावर आली, आणि पंडितांनी माशाचं डोकं तोंडात घातलं.

तारिणीकाकींनी देवाचे आभार मानायला हात उचलले.

त्यांचे हात जुळायच्या आत कुमुदनं ती ऋचा हवेतल्या हवेत झेलली. दह्याचं भांडं खाली ठेवून तो दर्भावर बसला आणि तिथून पुढं म्हणू लागला. एका अक्षराचा खंड नाही. काशीचा ताजा गळा, बावीस वर्षांची छाती. पंडितांनी घास चावत मान डोलावली, वा!

काकींनी कपाळावर हात मारून घेतला. तीन होते, आता चार झाले. आणि हा चौथा उपाशी. पहिला भातही न झालेला. आणि तो गळा! तो गळा उद्याची कोजागरी सहज गाठणार होता.

"हे ईश्वरा," त्या आत येऊन मुसायला म्हणाल्या, "या घरात अक्कल सोडून सगळं पिढीजात आलंय!"

"उन्हं बांबूंवर आली, मालकीण."

"आली तर येऊ दे. आता तो पुन्हा येईल भांडं घेऊन. माय, दही. माय, दही. मी काय..."

त्या मध्येच थांबल्या. ओसरीवर कुमुदचा आवाज दणदणत होता. दर्भावर बसलेला माणूस सूक्त संपेतो उठू शकत नाही. पंडित पानावर. तिघे मंगरपट्टीकर पानावर. मग भांडं घेऊन येणार कोण?

त्यांनी ओसरी एकदा डोळ्यांखालून घातली. वाढायला घरात कुणीच उरलं नव्हतं. त्या स्वतः सोडून.

"मुसाय," त्या हळूच म्हणाल्या, "उचल."

"काय उचलू?"

"दही! मखाणे, केळी, पानं, सगळं. मागच्या दारानं. मडकी गवतात घट्ट बसव. नावेत हलवलंस तर तुझी धडगत नाही."

मुसायनं शिट्टी घातली, तसे झाडाखालचे तिघे भारवाले उठले. मडकी कावडींत चढली. नऊ भरली. मुसायनं पुन्हा एकदा मोजली आणि डोकं खाजवलं.

"विहीणबाईंनी विचारलं, दोन कुठं गेली, तर?"

"सांग, रक्षोघ्नात गेली."

"म्हणजे काय समजायचं त्यांनी?"

"सकाळी पाच विद्वानांना कळलं नाही, ते तिला कळलं पाहिजे का? सांग, तुमच्याच घरावर राक्षसांची नजर होती, ती दोन मडकी देऊन उतरवली. चमचा मात्र उरलेल्यांत उभा करून दाखव. जा!"

कावडी केळीच्या बागेतून दिसेनाशा झाल्या. काकी भिंतीला टेकून नावाड्याच्या हाकेची वाट पाहत राहिल्या. हाक आली, मग मुसायची उलटी हाक आली, मग वल्ह्यांचा आवाज. तेव्हा कुठं त्या आत वळल्या.

ओसरीवर घूरन मिसरांचं पान कधीच रिकामं झालं होतं, आणि त्या रिकाम्या पानाकडं ते इतक्या प्रेमानं बघत होते, की नातवंडाकडं कुणी बघितलं नसेल. पंडितांचा मात्र भात संपत आला होता आणि ते इकडंतिकडं पाहू लागले होते. कुमुदनं सूक्त म्हणता म्हणताच आत नजर टाकली. आधी एक भुवई उचलली. मग दोन्ही. पंडितांच्या पानाकडं मान हलवली, मग भांड्याकडं. दही!

तारिणीकाकी उंबऱ्यावर मांडी घालून बसल्या. हातांची घडी घातली. ओठांवर बोट ठेवलं, आणि मौन धरलं.