तिसऱ्या वर्षाचा झगा

अमेरिकेतल्या याकिमाच्या त्या शेडमध्ये सफरचंदं पट्ट्यावरून येत होती आणि येतच होती. ऑक्टोबरात झाडावरून उतरलेली, चार महिने शीतगृहात झोप काढून आलेली, त्यांना काय, ताजीतवानी! मरण होतं ते निवडणाऱ्या बायकांचं. क्रिसांता पहाटे सहापासून उभी होती. पोटऱ्यांत गोळे आले होते, हातमोज्यांतून गारठा बोटांत शिरला होता, आणि शेजारी नोएमीची किटकिट चालू होती ती वेगळीच.

"काय गं आलेलूया, आज दोन फेब्रुवारी. ध्यानात आहे ना, की पास्टरनं धुऊन टाकलं डोक्यातून?"

क्रिसांताने एक डागाळलेलं फळ बाजूला टाकलं. "आहे ध्यानात."

"बाई मेक्सिकोची, आणि ग्वादालुपेच्या मेरीमाउलीला ओळख देत नाही! मग मेक्सिकोची कसली? नुसती मिरची खाऊन कुणी मेक्सिकन होतं का?"

पलीकडच्या दोघी फिदीफिदी हसल्या. टाळ्या वाजवून गाणाऱ्या नव्या पंथाच्या लोकांना शेडमधल्या कॅथलिक बायका आलेलूया म्हणायच्या, आणि क्रिसांता त्यांच्यातली होऊन दहा महिने झाले होते. तिकडे प्रार्थनाघरात पास्टर साउल सांगायचे, तुम्ही आता मेक्सिकोचे नाही, साल्व्हादोरचे नाही, फक्त प्रभूचे. इकडे नोएमी म्हणायची, तू मेक्सिकन राहिलीच नाहीस. चला, एका बाबतीत तरी दोघांचं एकमत होतं! क्रिसांताला मात्र वाद घालायचंही त्राण उरलं नव्हतं. तिला फक्त साडेचार वाजायला हवे होते.

कारण गाडीच्या मागच्या सीटखाली, किराणाच्या पिशवीत, झगा होता.

नोएमीची वहिनी एलोडिया हिच्या घरी बाळ येशूची मूर्ती होती. आईने मेक्सिकोतल्या मिचोआकानहून दिलेली, वीतभर उंचीची, डाव्या करंगळीचं टोक उडालेलं. नाताळात बाळाला गोठ्यात निजवायचं आणि दोन फेब्रुवारीला उठवून, नवे कपडे घालून, चर्चमध्ये आशीर्वादाला न्यायचं. कपडे धर्मआईने करायचे, आणि धर्मआई व्हायचं ते तीन वर्षांसाठी. पहिल्या दोन वर्षी बाळाला हातांवर न्यायचं, तिसऱ्या वर्षी ते खुर्चीवर बसतं. मधेच अंग काढून घेण्याची सोय त्यात नाही. क्रिसांताने आनंदाने शब्द दिला होता, दोन वर्षं दोन झगे शिवले होते, आणि मग गेल्या ईस्टरला नवऱ्याचा, अबुंदिओचा हात धरून ती प्रार्थनाघरात गेली.

तिला देव बदलायची हौस नव्हती हो. नवऱ्याची दारू सुटत होती, म्हणून गेली. पंधरा वर्षांत जे कुणाला जमलं नाही ते पास्टर साउलनी करून दाखवलं. अबुंदिओ दहा महिने शुद्धीत होता, पगार घरात येत होता, रात्री मुलगी दचकून उठत नव्हती. पास्टर म्हणाले, प्लास्टरच्या बाहुल्यांना नटवणं ही मूर्तिपूजा. अबुंदिओने ते शब्द घट्ट धरले. जानेवारीत एकदा तो जेवता जेवता म्हणाला होता, "त्या बाहुलीच्या भानगडीत पडू नकोस, क्रिसा. मला काय धरून ठेवतंय ते माझं मलाच कळत नाही. तू एक धागा ओढशील आणि सगळं उसवेल."

पण त्या पंधरा वर्षांत, घरात ताटं भिंतीवर आपटायला लागली की ती मुलीला उचलून कुणाच्या दारात जायची? एलोडियाच्या. एलोडियाने कधी विचारलं नाही की आज काय झालं. घेवड्याचं पातेलं विस्तवावर चढवायची आणि पोरीचे बूट काढायची. त्याच पोरीच्या बाप्तिस्म्याला ती धर्मआई म्हणून उभी राहिली, तेव्हापासून दोघी एकमेकींना कोमाद्रे म्हणत. सख्ख्या बहिणीशी भांडता येतं, बोलणं टाकता येतं. कोमाद्रेशी येत नाही.

म्हणून क्रिसांताने झगा शिवला. घरात मशीन होतं, पण मशीनला आवाज असतो. तीन आठवडे जेवणाच्या सुट्टीत गाडीत बसून, हीटर लावून, तिने हाताने टाके घातले. पांढरं सॅटिन, आणि गळ्याभोवती भरलेला सफरचंदाचा मोहर. आता बाळ इथलंच झालं, मग इथला मोहर का नको? देवाचं देव बघून घेईल, ती मनाशी म्हणायची, मी शब्द एलोडियाला दिलाय. आणि अबुंदिओला तिने सांगितलं की दोन तारखेला ओव्हरटाइम आहे. दहा महिन्यांतलं तिचं पहिलं खोटं.

एलोडियाच्या घरात शिरल्याबरोबर वाफवत्या तामालेंचा, मक्याच्या पिठाचा नि तिखटाचा वास आला. सगळे नटून तयार होते. सहाच्या मिसाला, चर्चमधल्या प्रार्थनेला निघायचं होतं. नोएमी आधीच पोचली होती, शेडमधला वास अंगावरून उतरवून, ओठ रंगवून.

"अगं बाई! आलेलूया आली!" ती म्हणाली.

एलोडिया पुढे आली. नेहमी मिठी मारायची, आज तिने हात पुढे केला. "या भगिनी, बसा."

भगिनी! प्रार्थनाघरातले लोक एकमेकांना म्हणतात तसं. क्रिसांताला वाटलं, कुणीतरी कानाखाली वाजवली. तिला सोफ्यावर बसवलं, हातात आतोलेचा, मक्याच्या गरम पेजेचा पेला दिला, मांडीवर कागदी रुमाल ठेवला. या घरात ती सोफ्यावर कधी बसलीच नव्हती. समोर छोट्या लाकडी खुर्चीत बाळ येशू बसला होता आणि त्याच्या अंगात दुकानातला झगा होता. सोनेरी लेस, भडक निळा, दोन मापं मोठा, मागून टाचण्या लावून आवळलेला.

"हे कुणी केलं?" क्रिसांताने विचारलं.

"मी," नोएमी म्हणाली. "कुणीतरी करायलाच हवं होतं. पोर उघडं न्यायचं का चर्चमध्ये?"

"पण तिसरं वर्ष माझं होतं, एलोडिया."

एलोडियाने मान खाली घातली. "तुझा अबुंदिओ आला होता गेल्या रविवारी. दारातच उभा राहिला, टोपी हातात धरून. म्हणाला, क्रिसांताच्यानं होणार नाही, तिला सांगायला जड जातंय, तुम्ही दुसरी धर्मआई बघा. रडकुंडीला आला होता गं. मी म्हटलं, ठीक आहे. तुझ्या जिवाला आणखी घोर कशाला?"

म्हणजे हे असं झालं होतं. नवऱ्याने तिच्या वतीने नाही म्हटलं होतं, मैत्रिणीने तिच्या भल्यासाठी हो म्हटलं होतं, आणि दोघांपैकी एकालाही वाटलं नव्हतं की हिला एकदा विचारावं. क्रिसांताला राग आला. असा राग तिला कित्येक वर्षांत आला नव्हता. दारूच्या दिवसांत भीतीच एवढी असायची की रागाला जागा नसायची.

तिने पेला खाली ठेवला. पिशवीतून झगा काढला.

एलोडियाने पुढे होऊन मोहरावरून बोट फिरवलं, आणि तिचे डोळे भरून आले. "कधी शिवलास?"

"गाडीत. दुपारच्या सुट्टीत."

"आणि तुमचा पास्टर?" नोएमी म्हणाली. "चालतं का त्याला? की उद्या परत नदीत बुडवून धुऊन काढणार?"

"तू गप गं," एलोडिया म्हणाली. मग क्रिसांताकडे वळली, आणि तिचा आवाज आता मऊ नव्हता. "हे बघ, मला दया नको. कालपर्यंत मी म्हणत होते, कोमाद्रे गेली, जाऊ दे, सुखात राहो. आता तू हा घेऊन आलीस. मग सांग मला, तू आहेस कोण? आमची की त्यांची?"

क्रिसांता खूप दमली होती. तिला खोटं बोलायचा कंटाळा आला होता, आणि खरं काय ते नीट सांगता येत नव्हतं. तरी ती बोलली.

"मी त्याला कपडे घालीन. ते माझं काम आहे, मी शब्द दिलाय. पण मी त्याचा मुका घेणार नाही, आणि चर्चमध्ये येणार नाही. तेवढं मला आता नाही जमत, एलोडिया. नुसता आव आणता आला असता, पण तुझ्यासमोर तो आणवत नाही."

"म्हणजे अर्धीच आलीस," नोएमी म्हणाली.

"हो. जेवढी आहे तेवढी आले."

बाहेर कुणीतरी हॉर्न वाजवला, मिसाची वेळ होत आली होती. एलोडियाने बाळाला खुर्चीतून उचललं, टाचण्या एकेक करून काढल्या आणि बाळ क्रिसांताच्या मांडीवर दिलं. नोएमी तणतणत निळा झगा घडी करायला लागली.

क्रिसांताने आधी बाळाचा डावा हात बाहीत घातला, मोडक्या करंगळीला सांभाळून. मग उजवा. बंद बांधले, गळा सारखा केला. झगा बरोब्बर बसला. बाळ खुर्चीवर बसलं आणि एकेक जण वाकून त्याच्या पायांचा मुका घेऊ लागला. क्रिसांता भिंतीला टेकून उभी राहिली. तिला रडू येत होतं, ते देवासाठी की स्वतःसाठी, तिचं तिलाच ठाऊक नव्हतं.

निघताना एलोडियाने बाळाला शालीत गुंडाळलं आणि दारातून मागे वळून म्हणाली, "तामाले अजून तासभर शिजायचेत. पाण्याकडे बघ, कोमाद्रे, आटू देऊ नकोस. करपले तर तुझं काही खरं नाही!"

घर रिकामं झालं. शेगडीवर भलंमोठं पातेलं खदखदत होतं आणि बेसिनमध्ये दिवसभराच्या भांड्यांचा डोंगर होता. क्रिसांताने बाह्या वर केल्या. पाय इतके दुखत होते की ती एक कोपर ओट्यावर टेकून घासायला लागली.

अर्ध्या तासाने मागचं दार वाजलं. अबुंदिओ होता. शेडवर फोन केला असणार, किंवा गाडी बघितली असणार. तो उंबऱ्याबाहेरच थांबला. आत टेबलाखाली बिअरची खोकी रचलेली त्याला दिसत होती आणि त्याने तिकडून नजर वळवली.

"घातलेस कपडे?"

"घातले."

"माझ्याशी खोटं बोललीस."

"बोलले. चुकलं माझं. आणि तू माझ्या तोंडानं बोललास, एलोडियाच्या दारात येऊन. तेही चुकलंच."

त्याने टोपी काढली, परत घातली. "मला भीती वाटते, क्रिसा."

"मला पण वाटते. पंधरा वर्षं वाटतेय."

"पास्टरना काय सांगू मी?"

"तू काहीच सांगू नकोस," ती म्हणाली. "त्यांना काय हवं ते त्यांनी मलाच विचारावं. मला तोंड आहे."

तिला वाटलं, आता हा निघून जाईल, आणि कुठे जाईल ते तिला माहीत होतं. तिने साबणाचे हात तसेच ठेवून वाट बघितली. तो वळला, दोन पायऱ्या उतरला आणि तिसऱ्या पायरीवर, बर्फ बाजूला सारून, तिच्याकडे पाठ करून बसला.

"किती वेळ आहे अजून?" त्याने न वळता विचारलं.

"दोन पातेली घासायचीत. आणि तामाले शिजायचेत."

"बसतो मग," तो म्हणाला.

क्रिसांताने झाकण उचलून पातेल्यात पाणी बघितलं. कमी झालं होतं. तिने तांब्याभर ओतलं.