प्याल्याची कड

शांतवन पाटोळ्यांनी रुमाल बदलला, तो नेमका महिपतीनंतर.

वेदीपुढच्या कठड्याशी गुडघे टेकून बसलेल्या अपेक्षाला ते दिसलं, कारण रांगेत महिपतीनंतरची जागा तिचीच होती. नाना पेठेमागच्या त्या दगडी ख्रिस्ती देवळातला रिवाज जुना आणि साधा. महिन्याच्या पहिल्या रविवारी प्रभुभोजन. पाद्रीसाहेब भाकरीचा तुकडा देतात, मग चांदीचा प्याला एकेकाच्या हातात देतात, माणूस द्राक्षरसाचा एक घोट घेतो, प्याला परत करतो. सोबत देवळाचा कारभार बघणारा एक पंच पांढरा रुमाल घेऊन चालतो. प्रत्येक घोटानंतर कड पुसायची आणि प्याला जरा फिरवून पुढच्याला द्यायचा, हे त्याचं काम. अपेक्षाचे वडील शांतवनराव ते काम वर्षानुवर्षं करत आले होते आणि सगळ्या रांगेला त्यांना एक रुमाल पुरत असे. त्या दिवशी त्यांनी महिपतीनंतर कड पुसली, पुन्हा पुसली, रुमाल खिशात कोंबला आणि दुसऱ्या खिशातून नवा कोरा काढला. तो इस्त्रीचा होता. म्हणजे घरूनच ठरवून आणलेला.

अपेक्षाने घोट घेतला, पण तिच्या घशाखाली तो नीट उतरला नाही. तिच्यामागच्या बाकांवरची दोन कुटुंबं तर कठड्याशी आलीच नाहीत.

महिपती आणि त्याची बायको द्वारका जालन्याकडून आलेली. तिकडच्या मंडळीतून, म्हणजे चर्चच्या यादीतून, नाव कमी करून इथे लावलेली, रीतसर. महिपती वारज्याला राहतो आणि एका ठेकेदाराकडे ड्रेनेजचे चेंबर साफ करण्याचं काम करतो. पाटोळेही वारज्याचेच, त्यामुळे रविवारी बसस्टॉपवर भेट व्हायची. महिपती अंघोळ करून, कडक शर्ट घालून, केसांना तेल लावून यायचा. त्याच्या अंगाला साबणाचाच वास असे, तोही जरा जास्तच.

घरी गेल्यावर अपेक्षाने चप्पल काढता काढताच विचारलं, "पप्पा, रुमाल का बदलला?"

"ओला झाला होता."

"तिसऱ्याच माणसाला?"

"तू देवळात प्रार्थनेला येतेस की निरीक्षणाला?" वडील म्हणाले आणि टीव्ही लावला.

"दोन्ही जमतं तिला," स्वयंपाकघरातून आई, उल्काताई, म्हणाल्या. "तुम्ही उत्तर द्या."

उत्तर आलं पुढच्या रविवारी, उपासनेनंतरच्या सभेत, आणि उजागरेसरांच्या तोंडून. उजागरेसर मंडळीचे सेक्रेटरी. आयुष्यभर शाळेत भूगोल शिकवलेला, त्यामुळे कुठलीही गोष्ट नकाशासमोर उभं राहिल्यासारखी सांगत.

"कुणाच्या भावना दुखवायच्या नाहीत," ते म्हणाले. "पण काळ बदलला आहे. आरोग्याची जाणीव वाढली आहे. साथीच्या काळात आपण प्रत्येकाला छोटी पेली देत होतो, ती बंद का केली? तर यापुढे दोन्ही सोयी ठेवू. ज्यांना छोटी पेली हवी त्यांच्यासाठी ट्रे. ज्यांना जुना प्याला हवा त्यांच्यासाठी प्याला. जबरदस्ती कुणावरच नाही." मग ते अपेक्षाकडे वळले. "आपल्या सुदैवाने सूक्ष्मजीवशास्त्राची पदवीधर आपल्यातच आहे. अपेक्षा, शास्त्र काय म्हणतं, तेवढं सांग सगळ्यांना."

महिपती आणि द्वारका सभेत नव्हती. त्यांना कुणी थांबा म्हटलंच नव्हतं.

अपेक्षा खराडीच्या एका प्रयोगशाळेत अन्नाच्या नमुन्यांतले जंतू मोजते. मोजल्याशिवाय बोलायचं नाही, ही तिची सवय. देवाबद्दलही ती जपूनच बोलायची, कारण तिथे मोजायला काही सापडत नव्हतं. तिच्या शेजारच्या टेबलावरची स्वराली तिला अधूनमधून चिडवायची, "तू एवढी हुशार, आणि रविवारी जाऊन दोन हजार वर्षांपूर्वीचं जेवण जेवतेस. आजच्या जगात त्याचा उपयोग काय?" अपेक्षा हसून वेळ मारून न्यायची. खरं सांगायचं तर तिलाही उत्तर माहीत नव्हतं.

ती उभी राहिली.

"साथीत छोट्या पेल्या आणा म्हणून मीच मागे लागले होते," ती म्हणाली. "तेव्हा ते बरोबर होतं. पुन्हा साथ आली तर पुन्हा मागे लागेन. एरवी एका प्याल्यातून पिण्यात धोका शून्य आहे असं मी म्हणणार नाही. थोडा आहे. सर्दी-ताप असेल त्याने त्या दिवशी नुसती भाकर घ्यावी. झालं शास्त्र."

"म्हणजे धोका आहे," उजागरेसर म्हणाले.

"सर, तो धोका तुमच्यापासून मला आहे आणि माझ्यापासून तुम्हाला आहे. इतकी वर्षं होता. तेव्हा तुम्ही सभा घेतली नाहीत. आजच का घेतली?"

उजागरेसर समोरचे कागद नीट लावू लागले.

"उत्तर तुम्हा सगळ्यांना माहीत आहे. महिपतीकाका गटारं साफ करतात म्हणून. तर शास्त्राचं उत्तर ऐका. ते गटार तोंडाने साफ करत नाहीत. त्यांच्या तोंडात जे जंतू आहेत तेच आपल्या सगळ्यांच्या तोंडात आहेत. यापलीकडे जे काही आहे ते शास्त्र नाही, आणि त्याला माझ्या पदवीचा शिक्का मिळणार नाही."

"विषय व्यक्तीचा नाही," उजागरेसर म्हणाले. "सोयीचा आहे. दोन प्रकारची भांडी ठेवण्यात गैर काय?"

अपेक्षाने वडिलांकडे पाहिलं. ते समोरच्या भिंतीकडे बघत होते.

"दोन प्रकारची भांडी आमच्या आजोबांच्या गावातही होती," ती म्हणाली. "हॉटेलच्या वळचणीला एक कान तुटलेला कप अडकवलेला असायचा. आजोबांनी तो स्वतः काढायचा, चहा वरून ओतून घ्यायचा, धुऊन परत तिथेच अडकवायचा. त्या गावातही कुणावर जबरदस्ती नव्हती. हवा तर प्या, नको तर जा. पुढे ते मिशनच्या देवळात गेले तेव्हा तिथल्या मास्तरांनी आपण प्यालेला प्याला त्यांच्या हातात दिला. ते घरी येऊन रडले. तुमच्यापैकी कितीतरी घरांत हीच गोष्ट सांगतात, फक्त गावाचं नाव बदलतं. आपण ख्रिस्ती झालो ते यासाठी. केकसाठी नाही."

मागून कुणीतरी "पुरे आता" म्हणालं. पाद्री रणभिसे स्वभावाने भिडस्त. ते नुसतेच चष्मा पुसत राहिले. हात वर करून मतं घेतली. दोन्ही सोयींच्या बाजूने बहुतेक हात वर गेले. शांतवन पाटोळ्यांचा हात सगळ्यांच्या नंतर गेला, पण गेला.

बसस्टॉपवर महिपती तिची वाट बघत थांबला होता. त्याच्या कानावर सगळं आलं होतं. असल्या बातम्यांना सभा संपायच्या आधीच पाय फुटतात.

"ताई, आमच्यापायी भांडण नको," तो म्हणाला. "आमी दुसरी मंडळी बघताव. पुण्यात काय कमी हायेत का?"

"का म्हून?" द्वारका त्याच्यावर उखडली. "तिथं काय तुमी कलेक्टर म्हून जाणार हाव? मी न्हाई हलणार. नाव लावलंय माझं इथं."

"तू गप. लोक बघतेत."

"बघू द्या की. देवळात तेच तर करतेत."

अपेक्षाला हसू आलं आणि त्याच क्षणी भीतीही वाटली. हा माणूस पुढच्या पहिल्या रविवारी आला नाही, तर सभेतलं सगळं बोलणं वाऱ्यावर गेलं. आणि आला, आणि प्याल्यापाशी तो न् त्याची बायको दोघंच राहिली, बाकीचा सगळा समाज ट्रेपुढे, तर ते त्याहून वाईट. मग तो चांदीचा प्यालाच कान तुटलेला कप झाला.

"काका, तुम्ही या," ती म्हणाली. "मी तुमच्या शेजारी बसणार आहे."

द्राक्षरस घराघरातून पाळीने येतो. मार्चची पाळी पाटोळ्यांची होती. शनिवारी उल्काताईंनी काळी द्राक्षं उकळून, फडक्यातून गाळून रस केला, नेहमीप्रमाणे साखर जरा सढळ हाताने घातली. ज्या घरचा रस, त्याच घरच्या माणसांनी पेल्या भरून ट्रे मांडायचा, असं साथीच्या काळात ठरलं होतं. ते अजून कुणी बदललं नव्हतं.

रविवारी सकाळी अपेक्षा रसाची बरणी घेऊन पाद्रीसाहेबांच्या खोलीत गेली. टेबलावर धुतलेल्या पेल्यांचा ट्रे तयार होता. तिने बरणीतला रस चांदीच्या प्याल्यात ओतला, उरलेला शेजारच्या सुरईत ओतला, आणि बरणीला झाकण लावलं.

"ट्रे राहिला," रणभिसे म्हणाले.

"मी भरणार नाही, पाद्रीसाहेब. ज्यांना हव्यात त्यांनी इथे येऊन भराव्यात. सगळ्यांसमोर, महिपतीकाकांसमोर."

रणभिशांनी घाम पुसला. मग दाराकडे बघून हळूच म्हणाले, "असं करू या का? ट्रे कपाटात ठेवतो. किल्ली सापडत नाही म्हणून सांगतो."

"नको. किल्ली नका हरवू."

"मग मी सांगू काय त्यांना?"

"जे दर महिन्याला सांगता तेच. प्रभूच्या त्या शेवटच्या रात्री जेवायला कोण कोण होतं आणि भांडी किती होती. त्यात प्रभूला धरून देणारासुद्धा होता. त्यालाही वेगळी पेली दिली नव्हती. तुम्हीच आम्हाला संडे स्कूलला शिकवलंत."

रणभिशांनी खुंटीवरचा झगा काढला. "माझी बदली करतील गं," ते म्हणाले. ही तक्रार नव्हती, नुसती माहिती होती. मग त्यांनी झगा चढवला आणि ट्रे तिथेच ठेवून प्याला उचलला.

उपासनेत त्यांनी सांगितलं ते एवढंच: "आज सर्वांसाठी हा प्याला आहे. ज्यांना यायचं नाही त्यांनी जागेवर बसावं, त्यांना कुणी काही म्हणणार नाही. पण दुसरं भांडं मी देणार नाही."

कुजबुज झाली. उजागरेसर हाताची घडी घालून बसले. त्यांच्या ओळीतलं कुणी उठलं नाही. मागच्या बाकावरून उठली ती द्वारका. तिने नवऱ्याच्या कोपराला धरलं आणि मधल्या वाटेने पुढे आली, डोक्यावरचा पदर सावरत, उजवीकडे डावीकडे अजिबात न बघता. अपेक्षा उठून त्यांच्या शेजारी जाऊन गुडघ्यांवर बसली. तिच्यामागे उल्काताई आल्या. मग थोडी तरुण मुलं आली, दोन म्हाताऱ्या आल्या. कठडा अर्धाही भरला नाही.

रणभिशांबरोबर शांतवन पाटोळे रुमाल घेऊन चालू लागले. त्यांच्या कोटाचा दुसरा खिसा आजही फुगलेला होता. अपेक्षाला तो लांबूनच दिसला.

द्वारकाने घोट घेतला. मग महिपतीने. एक थेंब हनुवटीवर आला तो त्याने बाहीने टिपला आणि प्याला परत देण्यासाठी वर धरला. शांतवनरावांचा हात खिशाकडे गेला.

अपेक्षाने प्याला महिपतीच्या हातातूनच घेतला. कड पुसलेली नव्हती, प्याला फिरवलेला नव्हता. जिथे त्याचे ओठ लागले होते तिथेच तिने ओठ लावले आणि चांगला मोठा घोट घेतला. रस गोड होता, आईच्या हातचा, जरा जास्तच गोड. या वेळी तो नीट उतरला. स्वरालीने पुन्हा विचारलं तर सांगायला आपल्याकडे आता काहीतरी आहे, असं तिला वाटलं. देव आहे की नाही हे मोजता येत नव्हतं, पण या शहरात कोण कुणाच्या नंतर पितं, हे स्वच्छ मोजता येत होतं.

मग तिने वडिलांकडे पाहिलं. त्यांचा हात खिशापाशीच अडकला होता. तो रिकामाच बाहेर आला. त्यांनी हातातल्या जुन्या रुमालाने कड पुसली, एकदाच, आणि प्याला बायकोच्या हातात दिला.

आता राहिला शेवटचा रिवाज. आशीर्वाद मागितलेला रस टाकून द्यायचा नाही. जो वाटतो आणि जो पुसतो त्यांनीच तो संपवायचा. अर्धं देऊळ जागेवर बसून राहिल्यामुळे प्याला निम्म्याहून जास्त भरलेला होता आणि रणभिशांना मधुमेह. त्यांनी एक घोट घेऊन प्याला पाटोळ्यांच्या हातात दिला.

शांतवनरावांनी प्याला हातात धरून फिरवला, जणू कुणाचेच ओठ न लागलेली जागा शोधत होते. अशी जागा नव्हती. सगळं देऊळ बघत होतं. उजागरेसर तर मान उंच करून बघत होते. अखेर त्यांनी डोळे मिटले आणि प्याला तोंडाला लावला. दोनदा दम खाल्ला, पण तो रिकामा करूनच खाली ठेवला. त्यांच्या मिशीला रस लागला होता. तो त्यांनी पुसला नाही.

बाहेर आल्यावर उजागरेसरांनी पायरीवरच गाठलं. "ठराव झाला होता, अपेक्षा. हा मंडळीचा अपमान आहे. पुढच्या महिन्यात बघतो आम्ही."

"बघा ना, सर. पुढच्या महिन्याचा रसही मीच आणते."

"पाळी साळव्यांची आहे."

"साळवेआजी आजच रांगेत होत्या. देतील मला."

उजागरेसर गाडीकडे निघून गेले. त्यांच्यामागून बरीच माणसं गेली, जाताना पाटोळ्यांना नेहमीसारखा हात न मिळवता. शांतवनराव ते बघत उभे राहिले. ही सगळी त्यांची जुनी माणसं. फाटकाशी महिपती आणि द्वारका थांबली होती, बससाठी.

"साखर फार घालता तुम्ही," शांतवनराव कुणाकडेच न बघता म्हणाले. "एवढं गोड एकट्याने प्यायचं म्हणजे काय."

"मग माणसं आणा पुढे," अपेक्षा म्हणाली. "तुमच्या ओळखीची आहेत सगळी."

खिशातला इस्त्रीचा रुमाल काढून शांतवनरावांनी मिशी पुसली आणि बस पकडायला फाटकाकडे चालू लागले.